ऊसतोडीला गेलेल्या माणसांचं रेशन कारखान्याजवळच्या दुकानात मिळतं का?

वडवणीची लेक यांचा प्रश्न:

नमस्कार. मी बीड जिल्ह्यातल्या वडवणी तालुक्यातली. आई-वडील ऊसतोडीला जातात. यंदा मोठा भाऊ आणि वहिनीही जाणार आहेत, म्हणजे आमच्या घरातून दोन कोयते (नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता). दिवाळी झाली की टोळी निघते आणि मार्च-एप्रिलपर्यंत परत येत नाही. कधी कोल्हापूर-सांगलीकडचा कारखाना, कधी कर्नाटकातला. टोळी नेणारा मुकादम जिकडचा करार करील तिकडं.

आमचं कार्ड प्राधान्य कुटुंबातलं आहे. त्यावर सहा नावं: आजी, वडील, आई, मोठा भाऊ, मी आणि धाकटा भाऊ. माणशी पाच किलोनं तीस किलो धान्य येतं. वहिनीचं नाव अजून तिच्या माहेरच्या कार्डावर आहे, गेवराई तालुक्यात.

आजवर सगळं धान्य गावातच उचलायची पद्धत. मागं आजी आणि आम्ही भावंडं, आम्हाला एवढं लागत नाही. आई-वडील निघताना थोडं सोबत नेतात, ते संक्रांतीच्या आत संपतं. मग आई अड्ड्याजवळच्या, म्हणजे टोळी राहते त्या तळाजवळच्या, किराणा दुकानातून आटा-तांदूळ विकत घेते. आटा चाळीस रुपये किलो. रोख पैसे जवळ नसतात, म्हणून मुकादमाच्या नावावर उधारी होते. हंगाम संपला की ती उधारी उचलीत (मजुरीच्या आगाऊ घेतलेल्या पैशात) धरली जाते आणि राहिलेली रक्कम पुढच्या वर्षाच्या अंगावर. जे धान्य सरकार फुकट देतं, त्याच्यासाठी आम्ही पुढच्या वर्षाची मजुरी आधीच खर्च करतोय. हे मला आता सहन होत नाही.

‘एक देश एक रेशन कार्ड’ असं सगळीकडं लिहिलेलं असतं. पण मागच्या हंगामात आई अड्ड्याजवळच्या रेशन दुकानात गेली तर ‘तुमचं कार्ड इथलं नाही’ म्हणून परत पाठवलं. गावातला दुकानदार सांगतो की तिकडं एकदा अंगठा दिला की इथलं कार्ड बंद पडतं. म्हणजे आजीचं धान्य जाईल या भीतीनं आई पुन्हा गेलीच नाही.

खरं काय आहे? तिकडं उचललं तर इथलं बंद होतं का? तीस किलो दोन ठिकाणी वाटून घेता येतात का? कर्नाटकात गेले तर काय? आणि वहिनीचं काय करायचं? कोणी स्वतः केलेलं असेल तर सांगा. टोळी निघायच्या आत मला सगळ्यांना समजावून सांगायचं आहे.

शिरोळचा दुकानदार यांचं उत्तर:

ताई, मी शिरोळ तालुक्यात रास्त भाव दुकान चालवतो. वडिलांपासूनचं दुकान आहे. हंगामात आमच्या शिवारात बीडच्या टोळ्या उतरतात आणि त्यातली पुष्कळ माणसं माझ्याकडं धान्य उचलतात, म्हणून लांबलचक लिहितो.

पहिलं म्हणजे कार्ड बंद पडत नाही. तुमच्या गावातल्या दुकानदारानं जे सांगितलं ते चुकीचं आहे. धान्य दुसरीकडं उचललं म्हणून नाव कमी होत नाही, कार्ड दुसऱ्या दुकानाला जोडलं जात नाही, पुढच्या महिन्यात पुन्हा गावात उचलायला आडकाठी नाही. कार्ड वडवणीचंच राहतं. पॉस मशीनमध्ये, म्हणजे दुकानातल्या अंगठा लावायच्या यंत्रात, त्या महिन्याच्या कोट्यातून तेवढे किलो वजा होतात, बस.

आणि हो, कोटा वाटून घेता येतो. या योजनेचा मूळ हेतूच तो आहे: बाहेरगावी गेलेल्यानं आपल्या वाट्याचं तिकडं घ्यावं, मागं राहिलेल्यांनी उरलेलं गावात घ्यावं. तुमच्या हिशोबानं वडील, आई, भाऊ यांचे पंधरा किलो इकडं आणि आजी, तुम्ही, धाकटा यांचे पंधरा किलो तिकडं. यात एकच काळजी घ्यायची. अंगठा लावण्याआधी दुकानदाराला स्पष्ट सांगायचं की पंधराच किलो पाहिजेत, बाकीचे गावाकडं घेणार आहोत. नाहीतर घाईत पूर्ण तीस किलोंची नोंद होते आणि गावात आजी गेली की मशीन ‘शिल्लक नाही’ दाखवतं. पावती हातात घेऊन त्यावरचे किलो वाचल्याशिवाय काट्यावरून हलू नका. आईंना वाचता येत नसेल तर भावाला पाठवा. दोन्हीकडच्यांनी फोनवर आधी बोलून घ्या, कोण किती उचलणार ते.

कार्ड सोबत नेलं नाही तरी चालतं. बारा अंकी नंबर किंवा कार्डावरच्या कोणाही माणसाचा आधार नंबर पुरतो. पण ज्याचं नाव कार्डावर आहे आणि आधार जोडलेलं आहे अशा माणसानंच अंगठा द्यायला पाहिजे. गावात ओळखीवर, वहीत सही घेऊन कधी कधी भागतं. परगावच्या कार्डाला तसलं काही चालत नाही, कारण माझ्याकडं तुमची काहीच नोंद नसते, मशीन जे दाखवील तेच.

आता ‘तुमचं कार्ड इथलं नाही’ याबद्दल. आमच्या धंद्यातल्या माणसांच्या बाजूनं एक गोष्ट सांगतो, म्हणजे कुठं अडतं ते कळेल. दुकानाला दर महिन्याला धान्य येतं ते त्या दुकानाला जोडलेल्या कार्डांवरून. त्याला आम्ही नियतन म्हणतो. बाहेरची शंभर माणसं येऊन उचलून गेली तर माझ्या गावातल्या शेवटच्या कार्डाला धान्य कमी पडेल, अशी भीती असते. ती भीती खोटी नाही. पण त्याच्यावर उपाय आहे. दुकानात काय शिल्लक आहे आणि बाहेरच्या कार्डांवर किती गेलं हे मशीनमुळं तहसीलच्या पुरवठा शाखेला दिसतं, आणि दुकानदार वाढीव धान्य मागू शकतो. मी हंगामाच्या तोंडावर पुरवठा निरीक्षकांना कळवून ठेवतो की अमुक टोळ्या आल्यात. न मागता बसायचं आणि दारात आलेल्या बाईला परत पाठवायचं, हे मला पटत नाही. कोयता चालवून आलेली बाई असते ती.

नियमाप्रमाणं नकार देता येत नाही. दिला तर १९६७ वर किंवा महाराष्ट्राच्या १८००-२२-४९५० वर तक्रार होते, आणि परगावच्या कार्डांसाठी १४४४५ हा वेगळा नंबर आहे. फोन लावण्याआधी दुकानाच्या पाटीचा फोटो काढून ठेवा, पाटीवर दुकान क्रमांक असतो. बऱ्याच वेळा नंबर लावतोय म्हटलं की तिथंच काम होतं.

पैसे एक रुपयाही द्यायचे नाहीत. प्राधान्य आणि अंत्योदय दोन्हींचं धान्य १ जानेवारी २०२४ पासून पाच वर्षांसाठी मोफत आहे. दुकानदाराचं कमिशन सरकार देतं. ‘बाहेरचं कार्ड आहे, खर्च येतो’ असं कोणी म्हटलं तर ते खोटं.

सीमेवरचा मास्तर यांचं उत्तर:

मी बेळगाव जिल्ह्यात अथणीच्या बाजूला असतो. इकडं येणाऱ्या टोळ्या बहुतेक तुमच्याच भागातल्या असतात, त्यांची मुलं आमच्या शाळेच्या आवारात येऊन बसतात, त्यातून ओळखी झाल्या. वरच्या दुकानदार काकांनी महाराष्ट्राचं नीट सांगितलंय. मी कर्नाटकापुरतं लिहितो.

राज्य ओलांडलं तरी धान्य मिळतं. ९ ऑगस्ट २०१९ ला ही सोय महाराष्ट्र-गुजरात आणि आंध्र-तेलंगण अशा दोन जोड्यांनी सुरू झाली. टाळेबंदीत चालत घरी जाणाऱ्या मजुरांचे हाल देशानं पाहिले, त्यानंतर २९ जून २०२१ ला सर्वोच्च न्यायालयानं सगळ्या राज्यांना ती लागू करायला मुदत घालून दिली. जून २०२२ मध्ये आसाम आलं आणि देश पूर्ण झाला. त्यामुळं ‘ही योजना आमच्या राज्यात नाही’ असं आता कोणत्याही राज्यातला दुकानदार म्हणू शकत नाही.

फरक कशात पडतो ते आईंना आधीच सांगून ठेवा, म्हणजे दुकानात भांडण होणार नाही. केंद्राच्या कायद्यानं ठरलेले माणशी पाच किलो तेवढे मिळतात. कर्नाटक सरकार इकडच्या कार्डांना स्वतःच्या खर्चानं जे जादा देतं, ते महाराष्ट्राच्या कार्डाला मिळत नाही. शेजारची बाई जास्त घेऊन जाताना दिसते आणि आपल्याला कमी दिलं असं वाटतं. तसंच महाराष्ट्राच्या अंत्योदय कार्डावरची साखर इकडं मिळत नाही, ती गावातच. आणि धान्य इथं जे वाटतात तेच. इकडं तांदळावर भर, गव्हाचा हट्ट धरून उपयोग नाही. भाकरीच्या माणसाला नुसता तांदूळ पुरत नाही हे मला माहीत आहे, पण निदान तेवढा तरी विकत घ्यावा लागत नाही.

दुकान विचारताना ‘न्यायबेले अंगडी’ म्हणा, लगेच दाखवतील. दुकानदाराला आपल्या मशीनवर दुसऱ्या राज्याच्या कार्डाचा वेगळा पर्याय उघडावा लागतो. काहींना तो सवयीचा नसतो आणि ते नेहमीच्या पर्यायात नंबर टाकून ‘येत नाही’ म्हणतात. तिथं शांतपणे ‘महाराष्ट्र कार्ड’ म्हणून सांगायचं. शक्यतो गावातलं कोणी मराठी-कन्नड दोन्ही येणारं सोबत न्यावं. एकदा एका दुकानात एका कार्डाचं झालं की मग टोळीतल्या सगळ्यांचं सुरळीत होतं, हे मी बघितलेलं आहे.

वेळेचा प्रश्न मोठा आहे. टोळी पहाटे फडात जाते, गाडी भरून येईपर्यंत दुकान बंद झालेलं असतं. म्हणून प्रत्येक कार्डावरचा एक माणूस एका ठरलेल्या दिवशी सुट्टी घेऊन जावा, असं मुकादमाशी निघायच्या आधीच ठरवा. त्या दिवसाची मजुरी बुडते म्हणून बायका जात नाहीत. त्या महिन्याचं धान्य पुढच्या महिन्यात जमेला धरत नाहीत, सरकारनं मुदत वाढवली नाही तर ते गेलंच.

वडवणीची लेक यांनी विचारलं:

काका, मास्तर, दोघांचेही खूप आभार. तुमची उत्तरं मी आई-वडिलांना आणि टोळीतल्या दोन-तीन घरांना वाचून दाखवली. त्यांनी पुढचे प्रश्न दिलेत.

वडिलांच्या दोन्ही हातांची बोटं कोयत्यानं आणि पाचटानं कापलेली, घट्टे पडलेली आहेत. गावातल्या मशीनवरही अंगठा लागत नाही, आई नाहीतर मी देते. तिकडं आई आजारी असली तर?

शेजारच्या घरातले सगळेच जातात, घराला कुलूप. त्यांनी मागच्या हंगामात कुठंच उचललं नाही आणि आता त्यांचं कार्ड ‘चौकशीवर आहे’ असं सांगतात. हे कशामुळं?

आणि वहिनीचं राहिलंच.

शिरोळचा दुकानदार यांचं उत्तर:

बोटांचं: ऊसतोडवाल्यांच्या हाताला मशीन ओळखत नाही, हे मी रोज बघतो. अंगठाच पाहिजे असं नाही, दहाही बोटं लावून बघायची. करंगळी आणि डाव्या हाताची बोटं बऱ्याचदा चालतात. हात कोमट पाण्यानं धुऊन, पुसून, थोडं खोबरेल लावून पुन्हा पुसायचे. आमच्याकडच्या नव्या मशीनला डोळ्याचा स्कॅनरही आहे, दुकानदाराला मागा. आधारला मोबाईल जोडलेला असेल तर आपल्या राज्यात ओटीपीवरही काम होतं. म्हणून टोळी निघायच्या आधी दोन गोष्टी करा: वडिलांचे ठसे आधार केंद्रात नव्यानं देऊन या आणि आधारला जो नंबर आहे तो चालू आहे का बघा. हंगामाआधी चार महिने कोयता हातात नसतो, तेव्हा ठसे जरा बरे उठतात. भावाचाही अंगठा एकदा गावात मशीनवर लावून बघा, म्हणजे आईच्या जोडीला आणखी एक माणूस तयार राहील.

ई-केवायसी (आधारवरून ओळख पटवणं) सगळ्या सहा जणांची झालेली पाहिजे. ती देशात कुठल्याही रेशन दुकानात फुकट होते, गावातच करायला पाहिजे असं नाही. आजींना दुकानापर्यंत नेणं जमत नसेल तर ‘मेरा ई-केवायसी’ अ‍ॅपवर घरबसल्या चेहरा दाखवून होते, फक्त ओटीपीसाठी आधारचा मोबाईल हाताशी हवा.

शेजाऱ्यांचं ऐकून वाईट वाटलं. जुलै २०२५ मध्ये केंद्रानं नियम बदलला. सहा महिने धान्य उचललं नाही तर कार्ड तात्पुरतं निष्क्रिय होतं, आणि पुढच्या तीन महिन्यांत घरी जाऊन चौकशी आणि ई-केवायसी करून ठरवतात. ज्याला धान्याची गरज नाही त्याचं कार्ड हुडकायला तो नियम केलाय, पण कुलूप लावून ऊस तोडायला गेलेलं घर त्यात सापडतं. त्यांना सांगा, ताबडतोब तहसीलच्या पुरवठा शाखेत सगळ्यांची आधार घेऊन जा, ई-केवायसी पूर्ण करा आणि अर्जाची पोच घ्या. गाव सोडायच्या आधी हे झालं पाहिजे, नाहीतर चौकशीला येणाऱ्याला पुन्हा कुलूपच दिसणार. यंदापासून त्यांनी अड्ड्याजवळ दर महिन्याला थोडं का होईना उचलायचं. कार्ड चालू राहतं आणि पोटाला मिळतं.

वहिनींचं नाव घाईनं माहेरून कमी करू नका. तुमच्या कार्डात नाव चढलं म्हणजे धान्य लगेच सुरू होतंच असं नाही. प्रत्येक जिल्ह्याला लाभार्थ्यांचा इष्टांक ठरवून दिलेला असतो, तो भरलेला असला तर नाव कार्डावर दिसतं आणि पाच किलो मात्र रखडतात. तोवर त्या स्वतःच्या अंगठ्यावर माहेरच्या कार्डातले आपले पाच किलो इकडं उचलू शकतात, माहेरच्यांना सांगून. हंगाम संपवून परत आल्यावर माहेरच्या तहसीलमधून नाव कमी केल्याचा दाखला घ्या आणि तुमच्याकडं जोडायचा अर्ज करा. उन्हाळ्यात तुम्हाला पाठपुरावा करायला माणसं घरी असतात.

औशाची सून यांचं उत्तर:

यात एक राहून जातंय म्हणून लिहिते. टोळीत कोणाचं कार्ड केशरी असेल तर आधी ते कुठल्या योजनेत आहे ते बघा. आमचं केशरी कार्ड शेतकरी योजनेतलं आहे. मराठवाड्यातले आठ जिल्हे, अमरावती विभागातले पाच आणि वर्धा, अशा चौदा जिल्ह्यांत २०१५ पासून या कार्डांना दोन-तीन रुपये किलोनं धान्य मिळायचं. २०२३ मध्ये ते थांबवून खात्यावर पैसे सुरू केले. आधी माणशी महिना १५० रुपये, २०२४ पासून १७०. त्यामुळं अशा कार्डाला कुठल्याच दुकानात धान्य निघत नाही, गावातही नाही आणि कारखान्यावरही नाही. मशीन शून्य दाखवतं आणि लोक दुकानदाराशी भांडतात.

पैसे कार्डावरच्या कुटुंबप्रमुख बाईच्या खात्यात येतात. ते कुठंही काढता येतात, कशावरही खर्च करता येतात, तो फायदा आहे. पण १७० रुपयांत आज बाजारातून पाच किलो गहू-तांदूळ येत नाहीत. शिवाय आलेले पैसे औषधाला, फीला, उधारीला जातात, धान्य मात्र घरात शिजतंच. मला विचाराल तर धान्यच परत द्यावं. तोवर पासबुक भरून घ्या, खात्याला आधार जोडलेलं नसल्यानं रक्कम अडकलेल्या कितीतरी बायका आमच्याच वस्तीत निघाल्या.

अंगणवाडीतली ताई यांचं उत्तर:

टोळीत लहान लेकरं किंवा गरोदर बाई असेल तर रेशनवर थांबू नका. सहा महिने ते तीन वर्षांच्या लेकरांचा घरी न्यायचा आहार, तीन ते सहाच्या मुलांचं शिजवलेलं जेवण आणि गरोदर-स्तनदा मातांचा आहार हे अड्ड्याजवळच्या अंगणवाडीत मिळतं. पोषण ट्रॅकरमध्ये स्थलांतरित म्हणून नोंद करता येते. निघताना गावातल्या सेविकेला सांगून जा आणि लसीकरणाचं कार्ड सोबत ठेवा. तिकडच्या सेविकेला मुलं आलीत हेच कळत नाही, कारण कोपी (टोळीची झोपडी) शिवारात असते. जाऊन सांगावं लागतं.

वडवणीची लेक यांनी लिहिलं:

सगळ्यांचे मनापासून आभार. मी टोळीतल्या प्रत्येक घराची एक वही करतेय: बारा अंकी नंबर, कोण जाणार, कोण गावात राहणार, तिकडं किती किलो उचलायचे, कोणाचा अंगठा लागतो. शेजारच्या काकूंना घेऊन तहसीलला जाणार आहे. वहिनीच्या माहेरी फोन झाला, त्यांची काही हरकत नाही.

एकच शेवटचं. मुकादम म्हणतोय, सगळ्यांची कार्डं आणि आधार माझ्याकडं द्या, मी एकदम सगळ्यांचं उचलून आणतो. देऊ का?

शिरोळचा दुकानदार यांचं उत्तर:

नको. त्याच्या अंगठ्यावर तुमचं धान्य निघतच नाही, मग कागद त्याच्याकडं ठेवून उपयोग काय? कार्ड आणि आधार ज्याचं त्याच्याजवळ. त्याला मदत करायचीच असेल तर धान्याच्या दिवशी ट्रॅक्टर द्यावा आणि सगळ्या घरांतला एकेक माणूस एकत्र दुकानात न्यावा, पोती आणायचं कामही त्यातच होईल.

आमच्या भागात धान्य बहुधा महिन्याच्या पहिल्या पंधरवड्यात वाटतात. टोळी कुठल्या गावच्या शिवारात उतरली ते इथंच लिहा, जवळचं दुकान कोणतं ते मी सांगतो.